सैनिकांच्या गावात चार्लीचा खंदक दाखवावा का?

पारावरचं_वाचनालय (सातारा)

नमस्कार मंडळी. प्रश्न साधाच आहे, पण मागची भानगड सांगितल्याशिवाय तो कळायचा नाही. म्हणून जरा लांबण लावते.

मी सातारा तालुक्यातल्या एका गावात वाचनालय चालवते. चालवते म्हणजे किल्ली माझ्याकडे असते, पेपर मी लावते आणि वळीव आला की कपाटांवर ताडपत्री मी टाकते. गावाचं नाव सांगत नाही. मिलिटरी अपशिंगे आमच्यापासून फार लांब नाही, एवढं पुरे. पहिल्या महायुद्धात तिथले ४६ जण कामी आले हे बऱ्याच जणांना ठाऊक असेल. आमचं गाव तेवढं नावाजलेलं नाही, पण घरटी एक फौजी इथंही आहे. चावडीच्या भिंतीत एक संगमरवरी पाटी बसवलेली आहे, इंग्रजीतली. या गावातून १९१४ ते १९१९ च्या लढाईत इतके जण गेले आणि त्यातल्या इतक्यांनी प्राण दिले, असा मजकूर. गेले किती, तो आकडा वाचता येतो. मेले किती, त्यावर दरवर्षीच्या रंगकामात चुना बसत गेलाय. माझा पणजा त्यातलाच. घरात त्याच्याबद्दल एकच वाक्य आहे: 'बसऱ्याला गेला तो गेलाच.' (बसरा म्हणजे आताच्या इराकातलं बंदर.)

दिवाळीत पोरं सुट्टीवर येतात (पोरं म्हणजे तिशी-पस्तिशीची, कुणी पंजाबात, कुणी आसामात). त्या आठवड्यात देवळासमोर पडदा लावून एक सिनेमा दाखवायचा बेत आहे. प्रोजेक्टर शाळेचा. सिनेमा मी निवडला चॅप्लिनचा 'शोल्डर आर्म्स', १९१८ चा. मुका आहे, पाऊण तासात आटपतो, म्हाताऱ्यांपासून पोराटोरांपर्यंत सगळ्यांना कळेल आणि त्याच लढाईतला आहे. पत्रकावर ओळ टाकली, 'युद्धाच्या धामधुमीत शांततेचा संदेश देणारा विनोदी मूकपट'. ही ओळ सुचली तेव्हा मी स्वतःवरच खूश होते.

पत्रक छापून यायच्या आधीच दोन अडचणी आल्या. गावातले एक जाणते वाचनालयात येऊन उभ्या उभ्याच म्हणाले, "ज्यांचे पणजे त्या खंदकात कुजले, त्यांनाच हसायला बोलावतेस व्हय?" दुसरी अडचण घरातली. आबा, म्हणजे माझे वडील, मराठा लाइट इन्फंट्रीतून हवालदार म्हणून निवृत्त झाले. त्यांना लॅपटॉपवर दाखवला. त्यांनी अख्खा बघितला, दोनदा मोठ्यानं हसले, चहाची बशी खाली ठेवली आणि म्हणाले, "बरा आहे. पण ह्यात शांततेचा संदेश कुठं आला?"

रात्री मी परत बघितला. चार्ली खंदकाच्या कडेवरून नेम धरतो, गोळी झाडतो आणि बाजूच्या फळीवर खडूनं एक रेघ ओढतो. परत गोळी, परत रेघ. मग पलीकडून एक गोळी त्याच्या टोपाला चाटून जाते. तो काही न बोलता एक रेघ पुसतो. पहिल्या खेपेला मी इथं खो खो हसले होते. दुसऱ्या खेपेला चावडीतली चुना बसलेली पाटी डोळ्यापुढं आली आणि लॅपटॉप मिटून टाकला.

तर सांगा. हा सिनेमा शांततावादी आहे की मीच तसं ठरवून बसलेय? आमच्यासारख्या गावात दाखवावा का? आणि सिनेमात मध्ये मध्ये संवादाच्या ज्या इंग्रजी पाट्या येतात, त्यांचं काय करायचं?

हळदपेठ (सांगली)

ताई, सिनेमा दाखवा. ती ओळ मात्र खोडा.

एप्रिल १९१८ मध्ये चॅप्लिन आणि त्याच्याबरोबरचे नामांकित नट-नटी मेरी पिकफर्ड आणि डग्लस फेअरबँक्स अमेरिकाभर हिंडून लिबर्टी बाँड खपवत होते. म्हणजे लढाईसाठी काढलेले कर्जरोखे. त्याच वर्षी त्यानं 'द बाँड' नावाचा छोटा प्रचारपटही केला. त्यात बाँडचं नाव लिहिलेला भलामोठा हातोडा घेऊन तो कैसरला, म्हणजे जर्मनीच्या बादशहाला, बडवतो. हा माणूस तेव्हा शांततेचा संदेश देत नव्हता, शांततेचा धंदाही करत नव्हता. तरणाताठा असून फौजेत का जात नाही म्हणून पेपरवाले त्याच्या मागं लागले होते, भ्याडपणाची खूण म्हणून टपालानं पांढरी पिसं येत होती. अशा माणसानं त्या वेळी खंदकावर विनोद करायचा म्हणजे विस्तवाशी खेळ. दिग्दर्शक सेसिल डेमिलनं त्याला तसं बजावलंही होतं. सिनेमा लागला २० ऑक्टोबर १९१८ ला, लढाई थांबली ११ नोव्हेंबरला. मधले तीन आठवडे तिकडे माणसं मरत होती आणि इकडे थेटरात हशा पिकत होता.

तुमचा गोंधळ होतो त्याचं कारण पुढचा चॅप्लिन आपल्या डोक्यात आधीच बसलाय. १९४० च्या 'द ग्रेट डिक्टेटर'मधलं शेवटचं शांततेचं भाषण आपण मागं नेऊन १९१८ वर चिकटवतो.

आता मूकपटांच्या काळात शांततावादावर विनोदी सिनेमे निघालेच नाहीत का? निघाले की. पण हसं झालं ते शांततावाल्यांचं! १९१७ चा फेअरबँक्सचा 'इन अगेन, आउट अगेन' मिळाला तर बघा. त्यात नायकाच्या वाग्दत्त वधूचं नावच पॅसिफिका, म्हणजे आपल्याकडची शांता म्हणा. तिला लढाईची तयारी नको आणि नायकाला हवी, त्यावरून लग्न मोडतं. तो दारू पिऊन तुरुंगात जातो, तिथं जेलरच्या मुलीवर जीव जडतो, सुटल्यावर परत आत जायची खटपट. पॅसिफिकाभोवती घुटमळणारा जो शांततेचा पुजारी, तोच दारूगोळ्याचे कारखाने उडवणारा निघतो. अमेरिका लढाईत उतरली त्याच महिन्यात हा सिनेमा आला. त्याआधी, डिसेंबर १९१५ मध्ये, हेन्री फोर्डनं युरोपातली लढाई थांबवायला चक्क एक जहाज भाड्यानं घेऊन माणसं नेली होती. पेपरांनी त्याची इतकी टर उडवली की शांतता म्हटलं की लोकांना आपोआप हसू यायला लागलं.

गंभीरपणे बोलणाऱ्यांचंही बरं झालं नाही. 'वॉर ब्राइड्स' १९१६ चा, नाझिमोव्हा या नटीचा. सैनिकांची पैदास करायला बायकांनी नकार द्यावा, असं सांगणारा. अमेरिका लढाईत पडली आणि तो थेटरातून काढून घेतला.

फौजेवर हसणारे बरे सिनेमे नंतर आले. लुबिश या दिग्दर्शकाचा 'डी बर्गकाट्झ' जर्मनीत १९२१ ला आला, तोवर जर्मनी हरून बसली होती. विनोदी नट हॅरी लँग्डनचा 'द स्ट्राँग मॅन' १९२६ चा. त्यात बेल्जियमचा शिपाई मशीनगन सोडून गलोल घेतो आणि जर्मनाला कडक बिस्किटं आणि कांदा मारतो. आग विझल्यावर हात शेकणं सोपं असतं. चॅप्लिन आग चालू असताना बसला, याची मात्र मला कदर आहे.

(विलिंग्डन कॉलेजात असताना आम्ही अशा सिनेमांवरून रात्र रात्र भांडायचो आणि उठताना भडंगाचा पुडा कुणी संपवला यावरून परत भांडायचो. तेव्हा लांबलं असेल तर माफ करा.)

रोखठोक_कराड

जवानांच्या बलिदानावर विनोद मला तरी पटत नाही. देशभक्तीपर सिनेमे ढिगानं आहेत, त्यातला एखादा लावा. विषय संपला.

पारावरचं_वाचनालय

@हळदपेठ, ओळ खोडली. झेरॉक्सवाल्याचे पन्नास रुपये गेले.

@रोखठोक, ढिगातले सगळे लावून झालेत हो. पंधरा ऑगस्टला एक, सव्वीस जानेवारीला एक. सुट्टीवर आलेली पोरं मागं उभी राहून मोबाईल बघतात.

निवृत्त_सुभेदार (कोरेगाव)

बेटा, २८ वर्षं नोकरी झाली. फौजेत थट्टा चालत नाही हे ह्या कराडकरांना कुणी सांगितलं? फौज थट्टेवरच चालते. लंगरच्या डाळीवर, साहेबाच्या मिशीवर, स्वतःच्या मरणावरसुद्धा.

तुझा सिनेमा मी नातवाकडून लावून घेतला. मला त्यातली डाक पटली. सगळ्यांची पत्रं येतात, ह्याचं येत नाही. मग हा दुसऱ्याच्या खांद्यावरून त्याचं पत्र वाचतो. तो हसला की हा हसतो, त्याचा चेहरा पडला की ह्याचा पडतो. बनवणारा कधी खंदकात गेला नव्हता म्हणता, मग त्याला हे कुणी सांगितलं? आमच्या कंपनीत एक होता, आईबाप नाहीत, लग्न नाही. अंतर्देशीय कुणाचंही येवो, हा त्याच्या बाजेवर जाऊन बसायचा. "काय म्हणतीय म्हस?" असं विचारायचा. दुसऱ्याच्या म्हशीची चौकशी.

खडूच्या रेघा मला आवडल्या नाहीत. पण कापू नको. कापलंस तर ज्याला कळायचं त्याला कळेलच की काहीतरी कापलंय.

दुसरं. आपली माणसं त्या लढाईत फ्रान्सपेक्षा मेसोपोटेमियात, म्हणजे आताच्या इराकात, जास्त खपली. तिथल्या कूत गावच्या वेढ्यात १०३, ११० आणि ११७ ह्या मराठा पलटणी अडकल्या होत्या. डिसेंबर १९१५ ते २९ एप्रिल १९१६. शेवटी घोडे कापायची वेळ आली, आणि आपल्या लोकांनी बरेच दिवस ते मांस तोंडाला लावलं नाही. तुझा पणजा बसऱ्याला गेला म्हणतेस, तर ह्याच वाटेनं गेला असणार. तेव्हा सिनेमात एकटा चार्ली तेरा जर्मन पकडून आणतो आणि कसे पकडले विचारल्यावर जे उत्तर देतो, तिथं शब्द जपून वापर. 'वेढा' म्हणू नको.

भाषण ठेवू नको. सरपंचाचंही नको.

पेटीवाला_मिरज

आवाजाबद्दल थोडं. नेटवर दोन तऱ्हेच्या प्रती सापडतील. १९५९ मध्ये चॅप्लिननं हा सिनेमा आपल्याच आणखी दोन सिनेमांबरोबर जोडून 'द चॅप्लिन रेव्ह्यू' म्हणून परत आणला, त्याला स्वतःचं संगीत दिलं. मूळ १९१८ चा मूकपट आपल्याकडे हक्कमुक्त आहे, पण ते संगीत नाही. चॅप्लिन वारला १९७७ ला, आपल्या कायद्यानं त्यापुढं साठ वर्षं. तेव्हा मुकी प्रत घ्या आणि गावातलाच पेटी-तबला बसवा. भजनी मंडळ असेलच.

वेग तपासा. त्या काळी कॅमेरा हातानं फिरवायचे, सेकंदाला चोवीसपेक्षा कमी चित्रं. तीच फीत आजच्या वेगानं पळवली की माणसं मुंग्यांसारखी धावतात. १९५९ च्या वेळी ती पळापळ टाळायला मधली चित्रं दुहेरी छापली होती. तुमच्या प्रतीत चार्ली फारच लगबगीत दिसला तर वेग थोडा उतरवा. चार्ली पाण्यातली उशी थापटतो ती जागा हळू चालली तरच हसू येतं.

तबलजीला एक ताकीद द्या, बंदुकीच्या गोळीला थाप मारायची नाही. तो मोह प्रत्येकाला होतो. गोळी मुकीच राहू द्या. आणि पाट्या वाचायला कुणीतरी ठेवा. आपल्याकडे मूकपटाच्या काळात पडद्याशेजारी उभं राहून पाट्या मोठ्यानं वाचणारा माणूस असायचाच. तुमच्या आबांना उभं करा.

पारावरचं_वाचनालय

मंडळी, झाला कार्यक्रम. उशिरा लिहितेय, कारण खुर्च्या परत करण्यात दोन दिवस गेले.

नवं पत्रक असं होतं: 'चार्ली फौजेत. मूकपट, १९१८. पाऊण तास. बसायला पोतं आणावं.' माणसं तीनशेच्या आसपास असावीत. पडदा म्हणजे दोन चादरी शिवलेल्या. वारा सुटला की चार्लीच्या पोटात हवा भरायची. पोरं त्यालाही हसत होती.

आबा माईक हातात घेऊन उभे राहिले आणि पहिल्या पाटीपासूनच त्यांनी माझा कागद खिशात घातला. मी प्रमाणभाषेत नीट लिहून दिलं होतं. त्यांनी सगळं आपल्या बोलीत सुरू केलं. कवायतीत चार्लीचे पाय फाकतात तिथं पाटीच नाही, तरी आबा ओरडले, "आरं पाय जुळव, लग्नाला आलायस व्हय?" चार्लीच्या पार्सलात तो वासाचा चीजचा गोळा येतो, तो तोंडाला गॅसचा मुखवटा बांधून जर्मनांच्या खंदकात फेकतो. लिंबर्गर चीज आमच्या गावाला कसं सांगायचं ही मला आठवडाभर काळजी. आबा म्हणाले, "आठ दिसाचा नासका खरवस!" विषय संपला.

सगळ्यात मोठा हशा कुठं आला सांगू? पाणी भरलेल्या झोपायच्या खंदकात. चार्ली पाण्यात बुडालेली उशी बाहेर काढतो, चांगली थापटून फुगवतो, परत पाण्यात ठेवतो आणि तिच्यावर डोकं टेकतो. मग ग्रामोफोनचा कर्णा तोंडाला लावून पाण्याखालून श्वास घेतो. सुट्टीवरची पोरं जी मागं भिंतीला टेकून उभी होती, ती इथं अक्षरशः एकमेकांच्या पाठीत बुक्के घालत होती. एकजण ओरडला, "आमचीच पोस्ट हाय ही!" मिरजकर, वेग उतरवायला सांगितलात ते फार बरं केलंत.

डाकेच्या जागी आबा काही बोलले नाहीत. पेटीवाल्यानं एकच सूर धरून ठेवला होता, तोही त्यानं मध्येच सोडला. पुढच्या रांगेत आमच्या गल्लीतली एक म्हातारी होती, तिचा नवरा पासष्टच्या लढाईनंतर आलेला नाही. ती शेजारणीला विचारत होती, "त्याचं का गं नाही आलं?" शेजारीण म्हणाली, "येईल की, पुढं येतंय." आणि खरंच पार्सल येतं. म्हातारीला हायसं वाटलेलं दिसलं.

आता खडू. मी कापलं नाही, सुभेदार काका. पहिल्या रेघेला पोरं हसली, दुसऱ्या रेघेला हसली. रेघ पुसली तेव्हा सगळ्यात जास्त हसली. पुढच्या दोन रांगांत, जिथं माजी सैनिक होते, तिथं कुणी हसलं नाही आणि कुणी रागावलंही नाही. एकानं तंबाखूची डबी काढली, एवढंच. मला वाटलं होतं तसं काही घडलं नाही. मला काय वाटलं होतं, तेही आता नीट सांगता येत नाही.

तेरा जर्मनांची पाटी आली. कसं पकडलंस म्हणून साहेब विचारतो. आबांनी माझ्याकडे एकदा बघितलं आणि म्हणाले, "चारी अंगानं घेरलं की, सायेब!" टाळ्या. वेढा म्हटलं नाही.

झाडाचं सोंग घेऊन चार्ली जर्मनांच्या गोटात उभा राहतो आणि एक शिपाई कुऱ्हाड घेऊन नेमका त्यालाच तोडायला येतो, ते पोरांनी सिनेमा संपल्यावर परत दोनदा लावायला लावलं.

भांडण झालं ते शेवटावरून. चार्ली कैसरला पकडून आणतो, सगळीकडे आनंदीआनंद, जगात शांतता नांदो अशी पाटी. आणि तेवढ्यात दोघेजण त्याला हलवून उठवतात. छावणीत झोपलेला होता, सगळं स्वप्न. पोरं ओरडली, "फसवलं!" आबा मात्र अडून बसले की हाच खरा शेवट, भरतीतल्या पोराला दुसरं काय पडणार स्वप्नात. घरी येईपर्यंत त्यांचं आणि माझं तेच चाललं होतं. हळदपेठ, तुम्ही म्हणता तसा हा शांततेचा सिनेमा नसेलही. पण शांततेची पाटी नेमकी झोपेत टाकणाऱ्याला आपण काय करतोय हे कळत नव्हतं, असं मी मानणार नाही. यावर सांगलीला आले की भांडू. भडंग मी विकत घेईन.

ते जाणते आले होते. चिंचेखाली उभे होते, बसले नाहीत. गेलेही नाहीत.

जाता जाता एक मदत हवी. चावडीची पाटी साफ करायची आहे, ग्रामपंचायतीला अर्ज दिलाय. संगमरवरावरचा जुना चुना दगडाला इजा न होता कसा काढतात, कुणाला माहीत आहे का? ॲसिड वापरायचं नाही एवढं मला कळतं, ते दगडच खाईल. सध्या कोमट पाणी आणि जुना टूथब्रश एवढ्यावर भागवतेय. त्या दुसऱ्या आकड्यावरून बोट फिरवलं तर पहिला अंक एक आहे हे लागतं. पुढचा लागत नाही.